आधी वाट, मग यंत्र

मराठीत ‘चिमणी’ या एका शब्दावर बरीच ओझी आहेत. अंगणात दाणे टिपते ती चिमणी, रॉकेलवर मिणमिणत भिंतीला काजळी धरते तीही चिमणी, आणि गिरणीच्या माथ्यावरून धूर सोडते तीही चिमणीच. अलीकडे त्यांत चौथीची भर पडली आहे: ओट्याच्या वर भिंतीला टांगलेली, विजेवर चालणारी. गोंदिया शहराला लागून असलेल्या मुर्रीसारख्या गावाला या चौघीही ओळखीच्या आहेत. गोंदिया हे तांदळाच्या गिरण्यांचे शहर. उसना तांदूळ करणाऱ्या गिरण्यांत धानाचे तूस जाळून बॉयलर तापवतात आणि त्याचा धूर उंच चिमणीतून वर जातो. त्या चिमणीचे मूळ तत्त्व उंचीत आहे. आतली हवा तापून हलकी होते, वर चढते आणि जाताना मागच्या हवेला ओढून नेते. जोडीला पंखा बसवला, तरी चिमणीची उंची कोणी कमी करत नाही, कारण धुराला वाट दिल्याशिवाय पंखा काही करू शकत नाही, हे गिरणीवाल्याला ठाऊक असते. स्वयंपाकघरातली चिमणी घेताना मात्र हा क्रम उलटा होतो. दुकानात पहिला प्रश्न ‘सक्शन किती?’ असा असतो, आणि पाइप कुठून काढायचा याचा विचार फिटिंगवाला ड्रिल घेऊन दारात उभा राहिल्यावर सुरू होतो. या लेखाचे म्हणणे एवढेच आहे की आपल्या घरांत चिमणी निकामी ठरते ती बहुधा ओढ कमी पडते म्हणून नव्हे, तर धूर तिच्या पकडीत येत नाही आणि आलेल्या धुराची वाट अडते म्हणून. म्हणून निवड वाटेपासून सुरू व्हावी, यंत्रापासून नव्हे.

पूर्वीच्या घरांना हा प्रश्न असा पडत नसे. पूर्व विदर्भातल्या जुन्या कवेलूच्या घरात धूर भरपूर होता, पण छत सच्छिद्र होते. चुलीचा धूर डोळ्यांत पाणी आणून, वासे काळे करून, शेवटी कवेलूंच्या फटींतून झिरपत बाहेर जाई. सकाळी गावाकडे दुरून पाहिले तर प्रत्येक छपरातून वाफ निघाल्यासारखे दिसे. ही व्यवस्था आरोग्याला चांगली होती असे मुळीच नाही. लाकूड, गोवऱ्या, रॉकेल अशा इंधनांच्या घरातल्या धुरामुळे जगात वर्षाला सुमारे ३२ लाख मृत्यू होतात, असा जागतिक आरोग्य संघटनेचा २०२० या वर्षासाठीचा अंदाज आहे. पण त्या घरात धुराला निदान फट होती. आता इंधन बदलले आणि छतही बदलले. १ मे २०१६ रोजी सुरू झालेल्या उज्ज्वला योजनेने गावोगावी सिलिंडर पोचवले. २०१९ ते २०२१ या काळातल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशातली ५८.६ टक्के कुटुंबे स्वयंपाकाला स्वच्छ इंधन वापरताना आढळली. त्याच सुमारास कवेलू उतरून स्लॅब चढला. ग्रामीण आवास योजनेतल्या घरकुलाचे किमान क्षेत्र स्वयंपाकाच्या जागेसह २५ चौरस मीटर धरले आहे. एवढ्या घरात फोडणी आणि झोपण्याची जागा यांत एखादी भिंत असते, कधी तीही नसते. म्हणजे धूर कमी झाला, पण त्याची फट बुजली.

इथे पहिला आक्षेप येतो. गॅसला धूर कुठे असतो? मग चिमणीची चैन हवी कशाला? खरे तर स्वयंपाकातला धूर दोन ठिकाणी जन्मतो: एक शेगडीत, दुसरा कढईत. गॅसने पहिला बराच कमी केला. गॅसची निळी ज्योतही नायट्रोजनचे ऑक्साइड आणि थोडा कार्बन मोनॉक्साइड सोडते, पण ओल्या लाकडाच्या तुलनेत ते किरकोळ. दुसऱ्या धुराला मात्र इंधनाशी देणेघेणे नाही. तेल तापते, मोहरी तडतडते, लाल मिरची पडते आणि क्षणात ठसका लागतो. त्या ठसक्यात मिरचीचा तिखट अंश तर असतोच, शिवाय तेलाचे अतिसूक्ष्म थेंबही असतात. ते इतके बारीक असतात की नाकातल्या केसांना सापडत नाहीत. थेट फुप्फुसात खोल उतरतात. तेल धुरायला लागेपर्यंत तापवले की त्यांची संख्या झपाट्याने वाढते, आणि कोणते तेल कधी धुरते यात मोठा फरक आहे. धानानंतर त्याच बांधीत घेतल्या जाणाऱ्या जवसाचे घाणीचे तेल शंभर अंश सेल्सियसच्या थोडे पुढेच धुरू लागते; रिफाइंड शेंगदाणा तेल दोनशेच्या बरेच पुढे टिकते. आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेने २०१० साली प्रसिद्ध केलेल्या खंडात उच्च तापमानावरच्या तळणातून निघणाऱ्या धुराला ‘बहुधा कर्करोगकारक’ या गटात ठेवले. तो पुरावा प्रामुख्याने धूम्रपान न करणाऱ्या चिनी स्त्रियांच्या अभ्यासांतून आला होता. चिनी कढईतले धगधगत्या आचेवरचे परतणे आणि आपले वरण-भात, मासोळीचा रस्सा हे एक नव्हे, हे मान्य. त्यांच्या धोक्याचा आकडा जसाच्या तसा आपल्यावर डकवता येणार नाही. पण पोळ्याचे वडे, दिवाळीच्या करंज्या, सांभारवडी, पावसाळ्यातले भजे हे सगळे तळणच आहे, आणि ते करणारे तोंड कढईवर तास-तास वाकलेले असते. चिमणीला चैन म्हणण्यापूर्वी हे तोंड कोणाचे, हे एकदा पाहावे.

आता यंत्राच्या गाभ्याकडे. दुकानात एक प्रयोग हमखास दाखवतात. चिमणी चालू करून फिल्टरजवळ कागद धरतात. तो चटकन चिकटतो आणि गिऱ्हाईक खूश होते. या प्रयोगाने फक्त फिल्टरला टेकलेल्या हवेचा वेग कळतो. चुलीजवळ जन्म काढलेल्या कोणालाही याहून मोठे सत्य फुंकणीने शिकवलेले असते. फुंकणीतून फुंकर घातली की हातभर अंतरावरचा निखारा फुलतो. त्याच फुंकणीने, तेवढ्याच दमाने हवा आत ओढली, तर निखारा हलतही नाही. फुंकलेली हवा एका दिशेने धारेसारखी जाते, तर ओढलेली हवा चहूबाजूंनी थोडीथोडी येते. त्यामुळे तोंडापासून जरा दूर गेले की ओढ नाहीशी होते. वायुवीजनाच्या अभियंत्यांचा याविषयी जुना ठोकताळा आहे: फुंकणाऱ्या नळीचा वेग दहाव्या हिश्श्यावर यायला नळीच्या व्यासाच्या सुमारे ३० पट अंतर लागते, पण ओढणाऱ्या नळीचा वेग अवघ्या एका व्यासाच्या अंतरावरच दहाव्या हिश्श्यावर येतो. चिमणी कढईपासून साधारण ७० सेंटिमीटर उंच असते. म्हणजे ती कढईतला धूर खेचून नेते ही कल्पनाच चुकीची आहे. तापलेला धूर स्वतःच्या उष्णतेने वर चढतो. चिमणीने तो वाटेत झेलायचा आणि पुढे पाठवायचा, एवढेच तिचे काम. कागद चिकटला म्हणजे धूर पकडला असे होत नाही.

झेलायचे म्हटले की झोळीचा आकार महत्त्वाचा ठरतो. वर चढताना धुराचा खांब पसरत जातो, म्हणून चिमणीचा हूड निदान शेगडीइतका रुंद हवा, थोडा जास्त असला तर उत्तम. दोन बर्नरच्या नेहमीच्या शेगडीला ६० सेंटिमीटरचा हूड कसाबसा पुरतो. तीन किंवा चार बर्नरच्या शेगडीवर तोच बसवला तर कडेच्या बर्नरचा धूर त्याला वळसा घालून छताकडे जाणारच. तिथे ७५ किंवा ९० सेंटिमीटर घ्यावा. रुंदीइतकीच खोली महत्त्वाची, पण तिच्याकडे कोणी पाहत नाही. हूड भिंतीपासून पुढे किती येतो, ते मोजावे. आपली शेगडी ओट्याच्या कडेजवळ सरकवलेली असते, आणि सपाट किंवा तिरप्या चिमणीची पोच बर्नरच्या मध्यापर्यंत जेमतेम येते. तिरपी चिमणी दिसायला देखणी असते, डोके आपटत नाही, पण तिच्यावरून पुढचा धूर सरकून जाऊ शकतो. वक्र काचेची चिमणी आणखी फसवी. काच रुंद दिसते, पण ती काही ओढत नाही, आणि उथळ असल्याने धूर तिच्याखाली साठतही नाही. उपड्या परातीसारखा, कडा खाली वळलेला हूड फोडणीचा अचानक उठलेला लोट क्षणभर धरून ठेवतो आणि यंत्राला तो गिळायला वेळ देतो. हा केवळ तर्क नाही. कॅलिफोर्नियातल्या लॉरेन्स बर्कली राष्ट्रीय प्रयोगशाळेच्या संशोधकांनी २०१२ साली घराघरांत बसवलेल्या अशा यंत्रांची धूर पकडण्याची क्षमता मोजली. ती कुठे १५ टक्क्यांहून कमी होती, तर कुठे ९८ टक्क्यांहून जास्त. हूड बर्नर किती झाकतो, याने मोठा फरक पडत होता. मागच्या बर्नरचा धूर पुढच्यापेक्षा चांगला पकडला जात होता. हा निष्कर्ष आपल्या ओट्यावर फुकट वापरता येतो: शेगडी भिंतीकडे सरकवावी आणि तळणाची कढई हूडच्या बरोबर मध्याखालच्या बर्नरवर ठेवावी. हूडची उंची बर्नरपासून ६५ ते ७५ सेंटिमीटरच्या दरम्यान असावी. खाली आणला तर तेलकट फिल्टरला आच लागण्याचा धोका. वर नेला तर धूर वाटेतच फुटतो.

मग ओढ किती हवी? ‘आपला स्वयंपाक मसालेदार, त्यामुळे जास्तीत जास्त सक्शन’ हा दुकानातला ठरलेला सल्ला आहे, आणि तासाला १,२०० ते १,५०० घनमीटरचे आकडे खोक्यावर ठळक छापलेले असतात. थोडा हिशोब करू. दहा फूट बाय आठ फूट आणि दहा फूट उंच स्वयंपाकघरात साधारण साडेबावीस घनमीटर हवा मावते. तासाला १,२०० घनमीटर हवा काढणारे यंत्र या खोलीची सगळी हवा तासात ५३ वेळा, म्हणजे मिनिटाला जवळपास एकदा बदलेल. वर सांगितलेल्या २५ चौरस मीटरच्या घरकुलाची उंची तीन मीटर धरली, तर ते सगळे घर तासात १६ वेळा रिकामे करेल. एवढी गरज आहे का? अमेरिकेतल्या ‘अ‍ॅश्रे’ या संस्थेचे घरगुती वायुवीजनाचे मानक शेगडीवरच्या यंत्राकडून निदान १७० घनमीटरची अपेक्षा करते. तिथल्या यंत्र उत्पादकांच्या संस्थेची शिफारस भिंतीलगतच्या शेगडीला दर फुटामागे सुमारे १७० घनमीटरची आहे. दोन ते अडीच फुटांच्या शेगडीला म्हणजे ३४० ते ४२५. आपली फोडणी त्यांच्या सुपापेक्षा उग्र, हे धरून यात दीडपट वाढ केली तरी सहाशेच्या आसपास आपण थांबतो. मात्र इथे एक मेख आहे. खोक्यावरचा आकडा सगळ्यात वरच्या वेगाचा, अडथळा नसतानाचा असतो. पाइप, वळणे, चिकट फिल्टर असे अडथळे आले की प्रत्यक्षातली हवा बरीच कमी होते. म्हणून हजाराच्या आसपासचा आकडा असलेली चिमणी घ्यायला हरकत नाही; पण हजाराच्या ऐवजी दीड हजार घेण्यासाठी जे पैसे मोजायचे, ते रुंद हूड आणि सरळ पाइप यांवर खर्च केले तर जास्त धूर बाहेर जाईल.

जेवढी हवा बाहेर जाते, तेवढीच कुठून तरी आत यावी लागते, हे तर सगळ्यात जास्त विसरले जाते. दारे-खिडक्या घट्ट लावून चिमणी चालवणे म्हणजे बाटलीच्या तोंडाला तोंड लावून हवा ओढत राहणे. थोड्या वेळाने यंत्र नुसतेच घरघरते. म्हणून शेगडीच्या समोरच्या बाजूची खिडकी किंवा दार चार बोटे उघडे हवे. पण शेगडीच्या अगदी शेजारची खिडकी नको, कारण तिच्यातून येणारी झुळूक धुराचा खांब हूडखालून बाजूला ढकलते. डोक्यावरचा पंखाही तेच करतो. गोंदियाच्या उन्हाळ्यात पारा ४५ अंशांच्या आसपास जातो, तेव्हा ही गोष्ट आणखी मजेदार होते. मोठ्या यंत्राने सगळे घर तासात १६ वेळा रिकामे करायचे म्हणजे तितक्या वेळा बाहेरची भट्टी आत घ्यायची. यावर तोडगा विदर्भातल्या घरात आधीच उभा आहे, तो म्हणजे कूलर. खिडकीत बसवलेला मोठा डेझर्ट कूलर बाहेरची हवा वाळ्यातून गार करून आत लोटतो, तासाला काही हजार घनमीटर. ती हवा कुठून तरी बाहेर पडलीच पाहिजे, नाही तर घर दमट होते, हे प्रत्येक विदर्भवासीयाला ठाऊक आहे. कूलर पुढच्या खोलीत आणि चिमणी स्वयंपाकघरात अशी मांडणी असेल, तर कूलर ढकलतो आणि चिमणी वाट देते, दोघांचे जमते. फक्त कूलरचा झोत थेट शेगडीवर येऊ नये. दुसरी दक्षता अंगणातल्या चुलीबाबतची. गॅस आला तरी आंघोळीचे पाणी तापवायला, कधी धान उकडायला अंगणात चूल पेटतेच. आत चिमणी चालू आणि मागच्या दारापाशी चूल धगधगत असेल, तर चिमणी त्या चुलीचा धूर मागच्या दाराने घरात आणेल. त्या वेळी हवा पुढच्या दाराने घ्यावी. विजेची चिमणी लाकडाच्या चुलीवर मात्र कधीही बसवू नये. उडालेली ठिणगी आणि तेलाने माखलेला फिल्टर एकत्र आले, तर आग लागायला वेळ लागत नाही.

आता वाटेविषयी. दुकानदार सहसा ज्याविषयी बोलत नाही तो पाइप हा चिमणीचा निम्मा भाग आहे. सहा इंची पाइपमधून तासाला ४०० घनमीटर हवा गेली तर तिचा वेग ताशी सुमारे २२ किलोमीटर होतो; १,२०० घनमीटर न्यायचे म्हटले तर ताशी ६६ किलोमीटर. अडथळा वेगाच्या वर्गाच्या पटीत वाढतो. म्हणजे तिप्पट हवा न्यायची तर नऊपट अडथळा सोसायचा. आवाज वाढतो तो याच झगड्यात. भिंतीला आधीचे चार इंची भोक आहे म्हणून त्यातच पाइप कोंबला, तर ४०० घनमीटरसाठीही वेग ताशी पन्नासच्या जवळ जातो आणि अडथळा पाचपटीहून जास्त होतो. मोठी मोटर घेऊन ती अशी गळा दाबून चालवणे हा आपल्याकडचा सर्रास घडणारा प्रकार आहे. अडथळ्याचे दुसरे ठिकाण वळण. दोन महिने वापरलेला पाइप वळणावर उघडून पाहिला तर आतल्या सुरकुत्यांत पिवळट काळा, मेणचट थर दिसतो; बोट लावले तर धागा सुटतो. तेलाची वाफ गार भिंतीला लागली की थिजते, आणि वळणावर ती सगळ्यात जास्त आदळते. म्हणून पाइप जितका आखूड, सरळ आणि ताणलेला, तितका चांगला. घडीचा अल्युमिनियम पाइप लागला तरी तो पूर्ण ताणून बसवावा; उरलेली लांबी माळ्यावर गुंडाळून ठेवणे म्हणजे वाटेत मुद्दाम खड्डे पाडणे. चिमणी बाहेरच्या भिंतीवरच आली तर पाइप दोन-तीन फुटांत संपतो. घर बांधायला निघालेल्याने ओटा कोणत्या भिंतीला घ्यायचा हे यावरूनच ठरवावे. बाहेरच्या तोंडाला वाऱ्याने उघडणारी पट्टी असलेली टोपी लावावी, म्हणजे पाऊस येत नाही आणि पहिली चिमणी चौथीत घरटे करत नाही. मच्छरदाणीसारखी बारीक जाळी मात्र लावू नये. तेल आणि धूळ मिळून ती महिन्याभरात बुजते, आणि गिरण्यांचा हंगाम असलेल्या गावात त्याआधीच.

पण बाहेरची भिंतच नसेल तर? भाड्याच्या खोलीत मालक भोक पाडू देत नसेल तर? यावर दुकानात उत्तर तयार असते: पाइप नको, कोळशाचा फिल्टर घ्या. अशी चिमणी हवा ओढते, फिल्टरमधून काढते आणि पुन्हा त्याच खोलीत सोडते. जाळी तेलाचे मोठे थेंब अडवते, कोळसा काही काळ वास शोषतो. पण अतिसूक्ष्म थेंब, ज्योतीचे वायू, वाफ आणि उष्णता यांतले बहुतेक सगळे परत खोलीतच येते. ज्याला वाट नाही त्या धुराला फक्त फिरवून आणले जाते. अशा घरात ते पैसे वाचवून खिडकीच्या वरच्या काचेच्या जागी एक एग्झॉस्ट पंखा बसवावा. तो जास्त काम करेल.

यातूनच दुसरा आक्षेप पुढे येतो. एग्झॉस्ट पंखा इतका चांगला, तर चिमणी हवीच कशाला? या आक्षेपात तथ्य आहे. नऊ किंवा बारा इंची पंखा कमी किमतीत भरपूर हवा काढतो, धुवायला सोपा असतो, आणि जिथे खिडकी उघडी राहू शकते तिथे पुष्कळ घरांना तो पुरतो. फरक एवढाच की पंखा धूर खोलीत पसरल्यावर पातळ करतो, तर चिमणी पसरण्याआधी पकडते. पंखा शेगडीच्या समोरच्या भिंतीवर असेल तर धूर स्वयंपाक करणारीच्या तोंडावरून जातो. म्हणून पंखाच घ्यायचा तर तो शेगडीच्या वर, त्याच भिंतीत, छताजवळ घ्यावा. केवळ खिडकीवर विसंबण्यात अडचण ऋतूंची आहे. उन्हाळ्यात लू, पावसाळ्यात झड, आणि हिवाळ्यात विदर्भातल्या नीचांकी तापमानांत गोंदियाचे नाव वारंवार येत असल्याने खिडकी वर्षातले कित्येक महिने बंदच असते. तिसरा आक्षेप इंडक्शनवाल्यांचा: ज्योतच नाही तर चिमणी कशाला? इंडक्शनने ज्योतीचे वायू जातात आणि ते चांगलेच आहे, पण कढईतला धूर तसाच राहतो. उलट भांड्याभोवती गरम हवेचा लोट कमी असल्याने तो संथपणे वर चढतो आणि झुळकीने सहज विस्कटतो. हूड तिथेही लागतो, फक्त ओढ आणखी कमी पुरते.

उरला फिल्टर, आणि त्याबरोबर या विषयातला सगळ्यात कठीण पुरावा. बारीक जाळीचा अल्युमिनियम फिल्टर सुरुवातीला छान काम करतो, पण हळद-मसाल्याच्या तेलाने आठ-पंधरा दिवसांत तुंबतो. धुण्याच्या सोड्यात घातला तर काळवंडतो. पोलादी पट्ट्यांचा बॅफल फिल्टर हवेला वळणे घ्यायला लावून थेंब गाळतो, लवकर तुंबत नाही आणि गरम पाण्यात घासून घेता येतो. आपल्या रोजच्या फोडणीला तो जास्त सोयीचा. ‘ऑटो क्लीन’ म्हणजे आतले तेल तापवून वाटीत उतरवणे. त्याने पंख्याची पाती मोकळी राहायला मदत होते, पण पाइपचे वळण साफ होत नाही आणि वाटीही आपोआप रिकामी होत नाही. फिल्टर नसलेल्या चिमणीत तर सगळे तेल पंख्यावर आणि पाइपमध्येच जाते. साफसफाई हा गौण मुद्दा वाटतो, पण इतिहास वेगळे सांगतो. १९८३ साली केंद्र सरकारने सुधारित चुलींचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू केला. २००२ पर्यंत देशात तीन कोटींहून जास्त चुली बसल्या. महाराष्ट्रात पुण्याच्या ‘आरती’ या संस्थेने ‘लक्ष्मी’सारखे निर्धूर चुलींचे नमुने घडवले. तत्त्व निर्दोष होते: धुराड्यातून धूर छपराबाहेर. पण पुढे ओडिशात अर्थशास्त्रज्ञ एस्थर डुफ्लो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अशाच धुराड्याच्या चुलींचा काही वर्षे पाठपुरावा केला, तेव्हा पहिल्या वर्षी स्वयंपाक करणाऱ्या स्त्रियांच्या श्वासातला धूर कमी झालेला आढळला आणि नंतर तो फायदा विरून गेला. चुली नियमित वापरल्या गेल्या नाहीत, त्यांची डागडुजी झाली नाही. निष्कर्ष चुलीविरुद्ध नव्हता. ज्या वाटेची निगा राखणे घराच्या दिनक्रमात बसत नाही, ती वाट वर्षभरात बुजते, एवढेच त्यातून दिसले. विजेच्या चिमणीलाही हेच लागू आहे. दर पंधरा दिवसांनी फिल्टर काढून धुणार कोण, याचे उत्तर खरेदीआधी घरात ठरलेले असावे. तो हाताला येईल अशा उंचीवर असावा, एका हाताने निघावा, आणि घरातल्या मोठ्या परातीत किंवा घमेल्यात मावावा.

आवाजाचेही असेच. कानठळ्या बसवणारी चिमणी पहिल्या आठवड्यानंतर खालच्या वेगावर चालते, महिन्यानंतर फक्त पाहुणे आले की. डेसिबलचा आकडा दहाने वाढला की कानाला आवाज साधारण दुप्पट वाटतो. म्हणून दुकानात चिमणी मधल्या वेगावर चालवून ऐकावी आणि तिथेच उभे राहून बोलून पाहावे. तेल तापवण्याआधी ती सुरू करावी आणि गॅस बंद केल्यावर दहा-पंधरा मिनिटे चालू ठेवावी. दीड-दोनशे वॅटच्या मोटरला दिवसाचे दोन तास म्हणजे महिन्याला नऊ ते बारा युनिटे, त्याची काळजी नको. एक धोका मात्र ठळकपणे सांगितला पाहिजे. सिलिंडरचा गॅस हवेपेक्षा जड असतो. गळती झाली तर तो फरशीवर साठतो, डोक्यावरच्या चिमणीकडे जात नाही. गॅसचा वास आला की चिमणीने ओढून टाकू म्हणून बटण दाबणे जीवघेणे ठरू शकते, कारण बटणाची ठिणगीच पुरेशी असते. अशा वेळी कोणत्याही बटणाला हात न लावता रेग्युलेटर बंद करून दारे उघडावीत.

तेव्हा गोंदियाच्या बाजारात जाण्याआधी घरातच टेप घेऊन ओट्यासमोर उभे राहावे. बाहेरची भिंत कोणती, पाइप किती फूट आणि किती वळणांचा, सहा इंची भोक पडेल का, शेगडी किती रुंद आणि कडेपासून किती आत, हवा कोणत्या दाराने येणार आणि फिल्टर कोण धुणार, एवढे कागदावर उतरले की दुकानातल्या तीस चिमण्यांपैकी पंचवीस आपोआप गळतात, आणि सक्शनचा आकडा पाहायची वेळ उरलेल्या पाचांपुरती येते. बसवून झाल्यावर कागद चिकटवून पाहू नये. मधल्या बर्नरवर पातेल्यात पाणी उकळत ठेवावे, कूलर आणि पंखा नेहमीसारखे चालू ठेवावेत, चिमणी मधल्या वेगावर घ्यावी, आणि पेटती उदबत्ती पातेल्याच्या पुढच्या कडेशी, जिथे फोडणी देताना तोंड येते त्या जागेखाली धरावी. धुराची रेघ वळून हूडखाली शिरली तर फिटिंगवाल्याचे पैसे द्यावेत. ती कपाळाच्या उंचीवरून बाहेर सरकली, तर आधी पंखा बंद करून पाहावा, मग शेगडी चार बोटे मागे सारावी, समोरचे दार थोडे उघडावे आणि उदबत्ती पुन्हा धरावी.